पान दीडशे, एकोणतीस मे

आमच्या घरात इतिहास रोज सकाळी सव्वासहाला सुरू व्हायचा, फिल्टरमधून कॉफीचं डिकॉक्शन गळायला लागलं की. मी टेबलाशी बसायचो आणि त्या तारखेला जगात काय काय झालं ते बायकोला सांगायचो. तीन गोष्टी. दोन खऱ्या, एक माझी. माझी कुठली ते तिने ओळखायचं. तिने ओळखलं नाही असं तीस वर्षांत घडलं नाही, आणि मी काही साधासुधा थापाड्या नव्हे. तरुणपणी कराडला मी एका तिकीट तपासनिसाला पटवून दिलं होतं की गाडी उशिरा आल्यामुळे माझं तिकीट शिळं झालं, यात माझा दोष नाही. त्याने माझी माफी मागितली होती.

ती मात्र पातेल्यातल्या दुधावरची नजर न हलवता म्हणायची, "लटकं."

आम्ही कराडचे लोक 'खोटं' म्हणतो. तिचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी तंजावरला गेले, ते जाताना जी मराठी घेऊन गेले तीच माहेरची माणसं अजून वापरतात, धुऊन, वाळवून, घडी घालून. लग्नानंतर सहा महिने मला वाटायचं, मी कुठल्या तरी जुन्या बखरीशी संसार करतोय. मी रेल्वेच्या स्टोअर्समध्ये कारकून म्हणून मद्रासला आलो होतो, दोन वर्षांत बदली घेऊन परत जाणार होतो. ती दोन वर्षं अजून संपायची आहेत.

ती तांबरमच्या एका शाळेत इतिहास शिकवायची. एकतीस वर्षं वेस्ट मांबलमच्या आमच्या फ्लॅटमधून निघून मांबलम स्टेशनावर गाडी धरली आणि तांबरमला उतरली. शाळेत सकाळच्या प्रार्थनेनंतर एक मुलगी माइकसमोर येऊन दिनविशेष वाचायची, आणि तो काढून द्यायचं काम हिच्याकडे. त्यासाठी तिने एक वही केली होती. तीनशे सहासष्ट पानं, एका तारखेला एक पान, एकोणतीस फेब्रुवारीलासुद्धा. वही उचलायला दोन शिपाई लागायचे. बरं, एकच लागायचा, पण तो पैलवान होता. प्रत्येक नोंद तिने दोन-दोन पुस्तकांत पडताळलेली. शाळेत तिला 'एम्डन' म्हणत. पहिल्या महायुद्धात एका सप्टेंबरात त्या नावाची जर्मन बोट मद्रासवर तोफा डागून गेली, तेव्हापासून इथे जबर माणसाला एम्डनच म्हणतात. बावीस सप्टेंबरच्या पानावर ती नोंद होती. ती नोंद ती स्वतः वाचायची नाही, मुली हसतात म्हणून.

त्या वहीत फेब्रुवारीतलं एक पान जवळजवळ कोरं होतं. तिच्या कसोटीला उतरेल असं काही त्या दिवशी जगात घडलंच नव्हतं. मला त्या पानाची फार दया यायची. एका रविवारी ती देवळात गेली असताना मी तिच्या अक्षराची नक्कल करून लिहिलं: आजच्या दिवशी तंजावरच्या मराठी राजांच्या मुदपाकखान्यात आमसुलं संपली, आचाऱ्याने आमटीत चिंच घातली आणि सांबार जन्माला आलं. गोष्ट जुनी आहे, सगळ्यांना ठाऊक आहे. तारीख तेवढी माझी.

ती तारीख आली त्या आठवड्यात ती तापाने घरी होती. वही वर्गात, मुलीने पान उघडून वाचलं. बाराशे मुली आणि चाळीस शिक्षकांसमोर, माइकवर, सांबार मराठी आहे म्हणून जाहीर झालं. मला कळलेलं असं की तमिळच्या बाई उभ्याच राहिल्या, गणिताचे सर बसले ते उठेनात, आणि मधल्या सुट्टीत कुणी डबा उघडला नाही. यात थोडी भर माझी असेल. पण मुख्याध्यापिकेने तिला बोलावून पुरावा मागितला, एवढं खरं.

ताप उतरून ती शाळेत गेली त्या दिवशी संध्याकाळी तिने पिशवी ठेवली आणि म्हणाली, "आजवर मज कोणी पुरावा मागितला नव्हता. आज सांबारासाठी मागितला."

"मग काय सांगितलंस?"

"सांगितलं, माझे यजमान कराडचे. त्यांस आमटी आणि सांबार यांतला फरक अजून कळत नाही. क्षमा करा."

पाच दिवस ती माझ्याशी बोलली नाही. सहाव्या सकाळी कॉफीचा टंबलर माझ्यापुढे ठेवत तिने तह केला. वहीला हात लावायचा नाही. थापा मारायच्या तर इथे, टेबलाशी, तिच्यासमोर. दिवसाला एक. तेव्हापासून आमचं हे सव्वासहाचं सुरू झालं. सोळा एप्रिलला पहिली आगगाडी सुटली, तर ती थांबवायची कशी हे कुणालाच ठाऊक नव्हतं, माझ्या पणजोबांनी आडवं होऊन ब्रेकचा शोध लावला. बारा एप्रिलला पहिला माणूस अंतराळात गेला, त्याने वरून खाली पाहिलं तर कराडला माझ्या आजीची चूल पेटलेली दिसली. लटकं. लटकं. कधी कधी ती मी तोंड उघडायच्या आधीच म्हणायची.

निवृत्तीनंतर सातेक वर्षांनी ती दुधाचं पातेलं गॅसवर ठेवून तांबरमला निघून गेली. शाळेच्या फाटकाशी वॉचमनने ओळखून आम्हाला फोन केला. डॉक्टरांकडे नेलं. ऑक्टोबर महिना होता. डॉक्टर तरुण, सभ्य. त्यांनी विचारलं, "मॅडम, आज तारीख काय?"

"सहा जून," ती म्हणाली. आणि थांबली नाही. सोळाशे चौऱ्याहत्तर, रायगडावर राज्याभिषेक. एकोणीसशे चव्वेचाळीस, नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर फौजा उतरल्या. कुठल्या बाजूने, वारा कसा, भरती किती. डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं आणि ऐकत बसले. बाहेर अकरा पेशंट ताटकळत होते. तारीख चुकली होती, तारखेतलं एक अक्षर चुकलं नव्हतं.

बाहेर आल्यावर डॉक्टरांनी मला आणि आमच्या मुलीला बाजूला घेऊन सांगितलं की हे वाढत जाणार. रोज तिला तारीख, वार, गाव सांगत राहा, शांतपणे, खरं खरं.

मुलगी इरुंगाट्टुकोट्टैच्या एका कारखान्यात गुणवत्ता तपासते. सुट्या भागांत केसाएवढी चीर दिसली की सगळा माल परत पाठवते. स्वभावही तसाच, आईचा. दर रविवारी येते. तिने एक पांढरा बोर्ड आणून जेवणाच्या टेबलासमोर टांगला. आजची तारीख. आजचा वार. हे तुझं घर, वेस्ट मांबलम, चेन्नई. खाली माझं नाव, आणि नात्याच्या जागी तमिळमध्ये 'नवरा'.

मग माझ्याकडे वळली. "अप्पा, आता ते सकाळचं बंद करा. प्लीज. अम्मा आधीच कन्फ्यूज होतेय, त्यात तुम्ही खोटं सांगणार."

"मी खोटं सांगतो म्हणून तर ती खरं सांगते," मी म्हटलं.

"डॉक्टरांनी काय सांगितलं?"

"डॉक्टरांनी अर्धा तास इतिहास ऐकला आणि फी घेतली."

ती हसली नाही. ती गेल्यावर मी सोमवारी सकाळी तीन गोष्टी सांगितल्या, दोन खऱ्या आणि एक माझी. कारण मला जे ठाऊक होतं ते ना डॉक्टरांना ठाऊक होतं, ना मुलीला. ही बाई अक्काचं नाव विसरत होती. अक्का म्हणजे सकाळी सात ते संध्याकाळपर्यंत सोबतीला येणारी बाई. ही जेवल्याचं विसरत होती, बाथरूमचं दार विसरत होती. पण थाप आली की तिचे डोळे मांजरासारखे बारीक व्हायचे आणि ती म्हणायची, लटकं. तेवढ्यापुरती ती पूर्ण माझ्यासमोर असायची, एकतीस वर्षांच्या नोकरीसकट. मी तिला खोटं सांगत नव्हतो. मी दार वाजवून बघत होतो, आत आहेस का.

दोन वर्षं ती होती.

या वर्षीच्या बारा मार्चला मी सांगितलं, आजच्याच दिवशी मिठाची यात्रा निघाली. दुसरी गोष्ट काय सांगितली ते आठवत नाही. तिसरी माझी होती: समुद्रात मीठ कमी पडलं तर पंचाईत नको, म्हणून माझे आजोबा कराडहून घरचं मीठ पिशवीत बांधून यात्रेला गेले होते.

ती कॉफी पीत होती. म्हणाली, "असेल."

मला वाटलं ऐकू गेलं नसेल. पुन्हा सांगितलं, मोठ्याने. मग थाप वाढवली. समुद्र त्या दिवशी गोड होता. आजोबांनी त्यात मीठ टाकलं तेव्हा तो खारट झाला. आज मरीनाला जाऊन कुणीही पाणी चाखावं, ती चव कराडची आहे.

"असेल हो," ती म्हणाली आणि टंबलर माझ्याकडे सरकवला. "गोड कमी आहे."

आयुष्यात मला वाटायचं, माझी एखादी थाप कुणीतरी पूर्ण खरी मानावी. ती मानली गेली तेव्हा मी उठून तिच्या कॉफीत साखर घातली. मी गॅलरीत जाऊन उभा राहिलो. खाली केळफूलवाला ओरडत होता, समोरच्या घरातली बाई रांगोळी पुसून पायरी धूत होती. वेस्ट मांबलममध्ये सगळं जागच्या जागी होतं.

त्या दिवसापासून मी खरं बोलायला लागलो. हसू नका, बहात्तराव्या वर्षी ही सवय अंगाला बाधते. अडीच महिने मी सकाळी तिच्या वहीतून वाचत होतो, नोंदीत कानामात्रेचा फरक न करता. ती ऐकायची, नाहीतर बोर्डाकडे बघत बसायची. मुलीने एका रविवारी माझं वाचणं ऐकलं आणि म्हणाली, "बघा अप्पा, किती शांत आहे ती आता." शांत होतीच.

मग एकोणतीस मे आली. वहीत पान दीडशे.

हे पान दणकट आहे. चौदाशे त्रेपन्नमध्ये कॉन्स्टँटिनोपल पडलं. एकोणीसशे एकोणीसमध्ये सूर्याला ग्रहण लागलं आणि मोजमाप करणाऱ्यांच्या लक्षात आलं की ताऱ्यांचा उजेडसुद्धा सूर्यापाशी वाकून जातो. एकोणीसशे त्रेपन्नमध्ये दोन माणसं एव्हरेस्टवर पोचली. आणि त्रेचाळीस वर्षांपूर्वी याच तारखेला, मांबलममधल्याच एका कल्याणमंडपात, आमचं लग्न लागलं. ही शेवटची नोंद वहीत नाही. मी कित्येक वर्षं मागे लागलो होतो, तिने घेतली नाही. तिचं म्हणणं, घरचं घरी.

लग्नाचा दिवस म्हणजे कत्तिरीच्या उन्हाचा शेवट. मद्रासचं ऊन त्या पंचवीस दिवसांत असं असतं की कराडहून आलेल्या माझ्या मामांचा फेटा मंडपात बसल्या बसल्या वाळून आखडला, काढताना मोडावा लागला. तिच्याकडचा भटजी आणि आमचा भटजी, दोघं मराठी, दोघांची पंचांगं वेगळी, मुहूर्तावर तासभर वाद. पंगतीत आमच्याकडच्या लोकांनी सांबार भातावर घेतलं आणि एकमेकांना हळूच सांगितलं, आमटी बिघडलीय, पण बोलू नका, मुलीकडचे आहेत. ती शेजारी बसली होती. तिने ऐकलं. माझ्याकडे न बघता म्हणाली, "तुमच्याकडील सर्वच लोक असे आहेत कां, तुम्ही एकटे?" आमच्या संसारातलं तिचं पहिलं वाक्य.

तर त्या सकाळी मी पान वाचलं. कॉन्स्टँटिनोपल सांगितलं. ग्रहण सांगितलं. एव्हरेस्ट सांगितलं. आणि वही बंद करून म्हटलं, "आजच्याच दिवशी रेल्वेतला एक कारकून आणि तंजावरकडची एक शिक्षिका यांचं मांबलमला लग्न झालं. कारकून मी. शिक्षिका तू."

तिचे डोळे बारीक झाले.

"लटकं," ती म्हणाली.

आधी मला आनंदच झाला, हे मी कबूल करतो. अडीच महिन्यांनी ती दार उघडून समोर आली होती. मी खुर्चीतून अर्धा उठलो, टेबलाला गुडघा लागून कॉफी सांडली, आणि त्या सांडलेल्या कॉफीकडे बघताना मला कळलं की तिने काय खोडलं.

"अगं, हे खरं आहे," मी म्हटलं.

"पुरावा?"

"मी होतो ना तिथे."

"एकट्या साक्षीदाराचें इतिहासांत धरत नाहीत." आवाज वर्गातला होता, स्वच्छ. "एव्हरेस्टवर दोघे होते. तें धरतां येतें."

मी तिला कत्तिरी सांगितली, भटजी सांगितले, मामांचा फेटा सांगितला. फेट्यापाशी ती थोडी हसली. मग पदर सावरून बसली आणि परक्या माणसाशी बोलावं तशी बोलली.

"हे पाहा, तुम्ही वयाने मोठे आहांत, म्हणून सांगते. माझे लग्न जाहलं आहे. माझे यजमान रेल्वेत आहेत. स्टोअर्समध्ये."

"हो का?"

"सहाला येतात. त्यांनाही असें बोलायची सवय आहे, पण त्यांचें मज कळतें. तुमचें कळत नाही." तिने दाराकडे पाहिलं. "ते घरी नसतां असें बसूं नये. लोक काय म्हणतील?"

मी बोर्डाकडे बोट दाखवू शकलो असतो. त्यावर माझं नाव होतं, नातं होतं. मी उठलो, चपला घातल्या. अक्का तेवढ्यात आली, तिला म्हटलं आज जरा बघ, आणि जिना उतरलो.

दिवसभर मी मांबलम स्टेशनाच्या प्लॅटफॉर्मवर बसलो. तांबरमच्या गाड्या येत होत्या, जात होत्या. मी त्यातल्या चाळीस तरी सोडल्या. शंभर म्हणा, तुम्ही कुठे मोजायला होतात. दुपारी एक दहीभात घेतला आणि तो तसाच हातात धरून बसलो. बायको घरातून हाकलते असं मी ऑफिसात तीस वर्षं लोकांना रंगवून सांगत आलो होतो. त्यातलं एकही असं नव्हतं.

सहा वाजता मी परत जिना चढलो. बेल वाजवली. किल्ली खिशात होती, तरी वाजवली. अक्काने दार उघडलं, मागे ती उभी होती, केस विंचरलेले, फूल माळलेलं. मी रिकाम्या हाताने आत आलो.

"उशीर जाहला," ती म्हणाली. आणि मग, "अहो, बॅग कुठे?"

त्या 'अहो'सरशी तोंड आपोआप चालू लागलं, त्याला सवय आहे. "काय सांगू, कोडंबाक्कमला सिनेमाचं शूटिंग चाललं होतं. त्यांचा हत्ती रुळावर येऊन बसला. डायरेक्टर 'कट' म्हणेना, म्हणून हत्ती उठेना. बॅग त्याच्या पायाखाली गेली."

"लटकं," ती म्हणाली आणि कॉफी टाकायला आत वळली. अक्काने गॅस तिच्याआधी गाठला.

तेव्हापासून मी रोज संध्याकाळी सहाला ऑफिसातून घरी येतो. निवृत्त होऊन बारा वर्षं झाली. सकाळी साडेनऊला निघतो, स्टेशनावर बसतो, पाय दुखले की ग्रंथालयात जातो, दुपारी ती झोपली की चोरपावलांनी येऊन जेवतो आणि परत खाली उतरतो. सकाळचं वाचन बंद झालंय. सकाळी मी तिचा कोणी नसतो, कधी शेजारी, कधी शाळेतला कुणी. नवरा सहाला होतो. शेजारपाजारच्यांना मी सांगितलंय की रेल्वेला माझ्यावाचून चालेना, परत बोलावून घेतलंय. त्यांनी ते मान्य केल्यासारखं दाखवलं.

मुलीला तिसऱ्या रविवारी कळलं. मी सहाला दार वाजवलं, आत आलो, गिंडीला सिग्नलवर घुबडाने संसार थाटलाय म्हणून सगळ्या गाड्या अडल्याचं सांगितलं. ऑफिसातून येताना गिंडी लागतच नाही. तिच्या आईने आधी तेच पकडलं, घुबड नंतर. मुलगी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ऐकत होती. जाताना तिने माळ्यावरून माझी जुनी ऑफिसची बॅग काढली, पुसली, आत एक रिकामा टिफिन कॅरियर ठेवला.

"नुसती रिकामी नेऊ नका, अप्पा," ती म्हणाली. "अम्मा हातात घेते. तिला वजन कळतं."

बोर्डावरचं माझं नाव तिने पुसलं नाही, पण बोर्ड आमच्या खोलीत, कपाटाच्या मागे नेऊन ठेवला.

हे रोज जमतं असं नाही. सुरुवातीला आठवड्यात पाच दिवस जमायचं, आता दोन. कधी ती दाराशी येतच नाही. कधी अक्कालाच विचारते, हे कोण. मी थापा लहान केल्यात, मोठ्या तिला पेलत नाहीत. पूर्वी पणजोबा आणि अंतराळ लागायचं, हल्ली एखाद्या म्हशीवर भागवतो.

काल मी आलो तेव्हा ती दिवाणावर बसली होती. मी बॅग तिच्या हातात दिली आणि सांगितलं की आमच्या साहेबांच्या टेबलावर आज कावळ्याने अंडं घातलं, तर साहेबांनी त्याची स्टॉक रजिस्टरात नोंद करायला लावली.

तिने ऐकलं. मी थांबलो. ती 'लटकं' म्हणाली नाही. 'असेल'ही म्हणाली नाही. बॅगेवरून हात फिरवत तिने माझ्याकडे पाहिलं.

"दमलांत," ती म्हणाली. "हातपाय धुवा."

मी धुतले.